पुठ्ठ्याचा सामुराई

सकाळी अकराच्या आधी उस्ताद कुणाशी बोलत नसत. मौनव्रत वगैरे काही नव्हतं; देवाधर्माशी त्यांचं जेवढ्यास तेवढंच होतं. आवाज गरम व्हायच्या आत वापरला की फाटतो, एवढंच त्यांचं म्हणणं. आता मस्कतजवळच्या रुसैलच्या इंडस्ट्रियल इस्टेटीतली आमची खोक्यांची फॅक्टरी. तिथे मशीनं अशी धडधडायची की शेजारच्याला हाक मारायची तर त्याचा खांदा हलवावा लागे. अशा ठिकाणी हा गृहस्थ आवाज कुणासाठी जपून ठेवतोय, हा मला पहिली दोन वर्षं पडलेला प्रश्न होता. बाहेर पंचेचाळीस डिग्री असली तरी गळ्याला मफलर. खिशात ज्येष्ठमधाची काडी. एसीचा झोत अंगावर आला की खुर्ची उचलून दुसरीकडे.

एकदा आमच्या मुदीरनं, म्हणजे मॅनेजरनं, सकाळी नऊ वाजता येऊन विचारलं की खजुराच्या खोक्याची डाय कधी मिळणार. उस्तादांनी दोन बोटं दाखवली. मुदीरला वाटलं दोन दिवस. तो भडकला, अर्बाबला, म्हणजे मालकाला, फोन लावतो म्हणाला, हातातली वही आपटली. उस्ताद शांतपणे ब्लेड वाकवत राहिले आणि दुपारी दोन वाजता डाय त्याच्या टेबलावर नेऊन ठेवली. तेव्हा बोलायची वेळ झालेली होती, तरी बोलले नाहीत.

डाय करणं हे त्यांचं काम. खोक्याचा जो उघडा आकार असतो तो प्लायवूडवर आखायचा, जिगसॉनं चिरा पाडायच्या, त्या चिरांत पोलादी पट्टीची ब्लेडं ठोकून बसवायची. मशीनमध्ये ती डाय पुठ्ठ्यावर दाबली की एका फटक्यात खोकं कापून निघतं. कुठे कापायचं आणि कुठे नुसती घडी पाडायची, यात केसाचा फरक. उस्तादांना हा फरक बोटांनी कळायचा. मेसमध्ये बसल्याबसल्या चपातीची घडी अशी घालायचे की तिला झाकण आणि कान दोन्ही असायचे. बंगाली पोरं ती चपाती न खाता दाखवत फिरायची.

मी डिस्पॅचला होतो. मी डोंबिवलीचा, ते कुडाळच्या पलीकडल्या कुठल्याशा गावचे. माझ्याहून पंधरा-सोळा वर्षांनी मोठे. मी बायको-मुलीसह सीबला फ्लॅटमध्ये राहायचो, ते कंपनीच्या अकोमोडेशनमध्ये, चौघांच्या खोलीत. त्यांच्या पलंगाशेजारी भिंतीवर एक जुनं जपानी कॅलेंडर होतं. साल कधीचंच उलटलेलं. दरमहा पान मात्र ते नियमानं उलटायचे.

ते कॅलेंडर कसं आलं ते सांगतो, कारण पुढचा सगळा घोळ तिथूनच सुरू झाला. कंपनीनं मागे एक जपानी मशीन घेतलं तेव्हा ते बसवायला तिकडून एक म्हातारा टेक्निशियन आला होता. तीन आठवडे राहिला. त्याला इंग्रजी येईना, उस्तादांना येऊन न येऊन सारखंच. दोघं कागदावर चित्रं काढून बोलायचे. जाताना त्यानं हे कॅलेंडर दिलं. बारा पानं, बारा चित्रं, सगळी सामुराईंची. घोड्यावरचा, पावसात छत्री धरलेला, बायकोनं कमरेला पट्टा बांधून दिलेला, कुणाच्या तरी थडग्यापुढे बसलेला. शेवटच्या पानावर पांढरे कपडे घालून चटईवर एकटाच बसलेला. खाली एका ओळीत जपानी अक्षरं. त्यातलं एक अक्षर कुणाला वाचता येण्याचा प्रश्नच नव्हता.

उस्तादांनी त्या बारा चित्रांवरून जपानचा इतिहास लिहिला. थट्टा करत नाही. म्हाताऱ्यानं काढून दिलेली दहा-पंधरा रेखाटनं, ही बारा पानं आणि स्वतःचं डोकं, एवढ्या सामग्रीवर. दोनशे पानी वहीत, पेन्सिलीनं, गाण्यांसकट. गाण्यांसकट, कारण त्यांच्या मते ज्या इतिहासाला गाणी नाहीत तो खोटा, कुणीतरी कचेरीत बसून केलेला.

मला त्यांनी तो पहिल्यांदा सांगितला तेव्हा आम्ही लोडिंग डॉकवर पॅलेटवर बसलो होतो. मी म्हटलं, उस्ताद, सामुराईचा धनी मेल्यावर पुढे काय व्हायचं? तर म्हणाले, "अर्बाब मेलो की सामुराई उघडो पडता. मगे तेका रोनिन म्हणतत. व्हिसा खलास." मी पोट धरून हसलो. नंतर घरी जाऊन इंटरनेटवर वाचलं तर माणूस फारसा चुकलेला नव्हता.

त्यांच्या इतिहासाचा शेवट असा होता की सरकार बदलतं, नवं सरकार सांगतं तलवारी जमा करा, शेंड्या कापा, कामाला लागा. त्यांच्या वहीत सामुराई तलवारी जमा करायला रांगेत उभे होते आणि प्रत्येकाच्या हातात टोकन होतं. जपानात त्या काळी टोकन कुठलं, असं मी विचारलं. "सरकार इला की टोकन येता," ते म्हणाले. बताका, म्हणजे रेसिडेंट कार्ड, रिन्यू करायला आदल्याच आठवड्यात मी स्वतः टोकन घेऊन तीन तास बसलो होतो.

आणि याची त्यांना फिल्म करायची होती. नाटक नाही, फिल्म. मोबाइलवर का होईना.

का, ते कळायला मला आणखी वर्ष लागलं. तरुणपणी ते दशावतारी मंडळीत होते. दोनच हंगाम. राजाची कामं करायचे आणि गावोगावच्या जत्रांत त्यांचं गाणं ऐकायला माणसं पहाटेपर्यंत थांबायची, असं त्यांच्याच गावचा एक वेल्डर मला दुक्मला भेटला तेव्हा म्हणाला. त्यांच्या गुरूनं मंडळीच्या पेटाऱ्यावर हात ठेवायला लावून त्यांच्याकडून एक शब्द घेतला होता: तोंडाला रंग लागल्याशिवाय सूर लावायचा नाही. रंग लागला की माणूस राजा होतो आणि राजाच गातो. बिनरंगाचा गायला तर ते नुसतं ओरडणं. गुरू पुढच्याच वर्षी वारले, त्यामुळे शब्द मागे घ्यायला कुणी उरलं नाही. मग उस्ताद गल्फला आले, तेव्हा मस्कतला मराठी माणूस शोधावा लागायचा. रंग सुटला, गाणं सुटलं. फॅक्टरीचं काम उन्हाळ्यात मंद म्हणून रजा नेहमी जून-जुलैत मिळायची, आणि जत्रा असतात थंडीत. सव्वीस वर्षांत एकदाही ते गावच्या जत्रेला पोचले नाहीत.

लग्न इथे आल्यानंतरचं. बायको लालबागची, त्यांचं गाणं तिनं कधी ऐकलेलं नाही. गावातल्या बायका तिला सांगायच्या, अगो तुझा घोव काय गायचा. ती नवऱ्याला म्हणायची, एकदा म्हणा की. हे नाही म्हणायचे. तिला काही दिवस वाटलं, नवऱ्याला आपण आवडत नाही. मग वाटलं, गावच्या बायका थट्टा करतात. शेवटी तिनं विचारायचं सोडलं. हे उस्तादांनी मला सांगितलं तेव्हा मी चिडलोच. म्हटलं, अहो, मेलेल्या गुरूला दिलेल्या शब्दापायी जिवंत बायकोला छळताय? त्यांनी ऐकून घेतलं. मग म्हणाले, "तिका एकदा ऐकवचा असा. पण राजा होवन."

बस्स. फिल्म त्यासाठी होती. सामुराईच्या तोंडाला पांढरा रंग असतो, हे त्यांनी कॅलेंडरच्या कुठल्यातरी पानावरून पक्कं केलं होतं. माझ्या मते ते चित्र नटाचं होतं. मी बोललो नाही.

सांगितलं एवढंच की शेवटच्या पानावरचा तो पांढऱ्या कपड्यांतला माणूस पूजेला बसलेला नाही, तो मरायला बसलाय, स्वतःच्या हातानं. मला वाटलं ते दचकतील, कारण फिल्ममधलं शेवटचं गाणं त्या चित्रावर होतं. ते म्हणाले, माहीत आहे, म्हाताऱ्यानं चित्र काढून दाखवलं होतं. जपानी माणूस त्या वेळी कविता लिहितो. आपला सामुराई कविता लिहील, पण मरणार नाही. तलवार टेबलावर ठेवील, चिलखत उतरवील आणि दुसऱ्या दिवशी कामावर जाईल. मरण्यापेक्षा ते कठीण आहे, हे त्यांनी मला समजावून सांगितलं आणि मग ज्येष्ठमध चघळत डाय ठोकायला गेले.

फिल्मचा रंग तपकिरी होता. दुसरा असणार कुठून? घोडे, डोंगर, किल्ला, पूल, सगळं पुठ्ठ्याचं. आणि ते खऱ्यासारखं दिसावं असं उस्तादांना मुळीच वाटत नव्हतं. पुठ्ठा पुठ्ठाच दिसला पाहिजे, घडी दिसली पाहिजे, हा त्यांचा हट्ट. चिलखताच्या सव्वादोनशे पट्ट्या त्यांनी स्वतः डाय करून कापल्या, पॅकिंगच्या लाल दोरीनं एकमेकींत ओवल्या. घातलं की चालताना खसखस वाजायचं. मशीनमधून खोकी कापली की खाचांचे बारीक तुकडे खाली पडतात, ते आम्ही पोत्यानं भरून बेलरला, रद्दीचे गठ्ठे बांधणाऱ्या मशीनला, द्यायचो. उस्तादांनी पांढऱ्या पुठ्ठ्याचे तुकडे वेगळे साठवले. तो त्यांचा चेरीचा बहर. टेबलफॅनपुढे दोन पोती उडवली तेव्हा मी, फोन धरून उभा असलेला, सगळं माहीत असलेला माणूस, शॉट संपल्यावरसुद्धा फोन खाली घ्यायला विसरलो.

गाणारे असे: धनी झाला होता पेशावरचा ट्रक ड्रायव्हर, 'उस्ताद' हे नाव त्यानंच पाडलेलं. त्याचा कारभारी एक मल्याळी स्टोअरकीपर. रोनिन झालेल्या सामुराईंची टोळी म्हणजे प्रिंटिंगवरची बंगाली मंडळी, त्यांतला एक ऑपरेटर खरोखर गोड गळ्याचा. सगळ्यांनी मालवणी मराठीतून गायचं. अर्थ हिंदीतून सांगितला जायचा. चाल शिकवायची तर उस्ताद गाणार नाहीत, म्हणून ते शीळ वाजवायचे. दुपारी जेवणाच्या सुट्टीत कंप्रेसरच्या मागे शीळ ऐकू आली की समजायचं, तालीम चालू आहे. स्वतः त्यांचं काम शेवटच्या सामुराईचं. तो अख्ख्या फिल्मभर गप्प. इतर गातात, भांडतात, मरतात, हा नुसता बघतो. शेवटी तलवार ठेवताना एकदाच तोंड उघडतो.

शूटिंग शुक्रवारी. स्टोअरकीपरच्या ओळखीच्या एका ओमानी माणसाचं खाबुऱ्याला शेत होतं, समुद्राला लागून. कंपनीच्या व्हॅनमधून आम्ही पुठ्ठ्याचं जपान तिकडे न्यायचो. शेतात खजूर आणि केळी. जपानात खजूर नसतात म्हणून उस्ताद प्रत्येक झाडापुढे एक डोंगर उभा करायचे. हवा सुटली की डोंगर पडायचा आणि मागून खजूर हजर.

एका शुक्रवारी पोलिसांची गाडी आली. किनाऱ्यावर दहा-बारा परदेशी माणसं, हातात तलवारी, एकाचं तोंड चुन्यासारखं पांढरं. माझी गाळण उडाली. मला डोळ्यांपुढे एकदम विमानतळ दिसायला लागला. पोलीस तरुण होता. त्यानं हात पुढे करून उस्तादांची तलवार मागितली. उस्तादांनी दोन्ही हातांवर आडवी धरून, मान वाकवून ती दिली, अगदी वहीत लिहिल्याप्रमाणे. पोलिसानं धार चाचपली, पुठ्ठा आहे म्हटल्यावर हसला नाही. मूठ नीट पाहिली. मग म्हणाला, त्याच्या आजोबांचा खंजीर घरी आहे, लग्नाला बांधतो, पण आता त्याचं म्यान करणारा म्हातारा राहिला नाही. हे सगळं अरबीतून, स्टोअरकीपर आम्हाला सांगत होता. तलवार परत देऊन तो एवढंच म्हणाला की परवानगी नसताना किनाऱ्यावर हे करू नका, शेतात करा. उस्तादांनी पुढच्या आठवड्यात त्या शेतमालकाकडे पुठ्ठ्याचं एक म्यान करून पोलिसासाठी ठेवलं. त्यानं नेलं की नाही ते कळलं नाही.

सातआठ महिन्यांत शेवटचं गाणं सोडून सगळं झालं. ते गाणं मात्र पुढे पुढे जात राहिलं. कधी वारा चुकीचा, कधी चिलखताची दोरी सैल. मी कंटाळलो. तोंडावर बोललोही, की उस्ताद, तुम्हाला भीती वाटतेय. ते चिलखताची दोरी पुन्हा ओवत बसले. त्या दिवसांत ते अकरानंतरही फारसं बोलत नव्हते, आणि माझ्या लक्षात आलं नाही की हे नेहमीचं आवाज जपणं नव्हे. गिळताना ते मान एका बाजूला वळवायचे. मी रोज समोर बसून जेवत होतो, तरी पाहिलं नाही.

दवाखान्यातल्या मल्याळी डॉक्टरीणबाईंनी आरशानं घसा पाहिला आणि आजच्या आज गावी जा म्हणाल्या. हे मला स्टोअरकीपरकडून कळलं, कारण तो भाषेसाठी बरोबर गेला होता. उस्तादांनी कंपनीला सांगितलं आणि तिकीट काढलं सोमवारचं. मधला शुक्रवार गाण्यासाठी. त्यांनी मला हातानं जवळ बोलावलं आणि कुजबुजत म्हणाले, "मुंबयचे डॉक्टर गळो कापतले. तेच्या आधी तिच्यासाठी एकदा. दोनदा होवचा नाय, झिला." मी हो म्हटलं.

मंगळवारपासून शुक्रवारपर्यंत त्यांनी एक शब्द उच्चारला नाही. शुक्रवारी सकाळी खाबुऱ्याला पोचल्यावर त्यांनी एका खोक्यात सगळ्यांचे मोबाइल गोळा केले, कुणाची रिंग वाजायला नको म्हणून, आणि खोकं नेऊन व्हॅनमध्ये ठेवलं. बाहेर राहिला फक्त माझा फोन, कारण कॅमेरा त्याचा चांगला. मग त्यांनी तोंडाला रंग लावला. आरसा बंगाल्यानं धरला होता. भुवया काढताना त्यांचा हात जराही हलत नव्हता.

टेबल मांडलं. टेबलामागे ड्रायव्हर सरकारी माणूस होऊन बसला. उस्ताद चिलखत घालून आले, डोळे मिटून उभे राहिले. मी बटण दाबलं. बराच वेळ ते नुसते उभे. मग त्यांनी छाती भरून श्वास घेतला आणि तेवढ्यात माझ्या हातात फोन थरथरला. आवाज मी बंद केला होता, थरथर राहिली होती. स्क्रीनवर बायकोचं नाव. मी अंगठ्यानं कॉल कापला, पुन्हा कॅमेरा दिसायला लागला, समोर उस्ताद दिसत होते, मी हात स्थिर धरून उभा राहिलो.

आणि ते गायले.

घेवा तरवार, घेवा चिलखत, नाव तेवढा ठेवा,
घरच्यांनी माझ्या हाक मारूक, एवढा माका देवा.

मला गाण्यातलं कळत नाही. आवाज चिरलेला होता, वरच्या सुराला जाताना त्यात खर होती, आणि ती खर धरूनच ते वर गेले. तिथे थांबले. थांबले आणि तिथून सावकाश खाली आले. दर ओळीला चिलखताची एक दोरी सोडत होते. ड्रायव्हर, ज्याला शब्द कळत नव्हते, तो सरकारी माणूस असल्याचं विसरून उभा राहिला. सात-आठ मिनिटं झाली असतील. शेवटी ते नुसत्या बनियनमध्ये, पांढऱ्या तोंडानं उभे होते आणि मला खोकल्याचा आवाज आला. रुमालावर लाल होतं. रंग नव्हता तो.

मी थांबवायचं बटण दाबायला पाहिलं तर बटण लाल नव्हतं. कॉल आला तेव्हाच रेकॉर्डिंग बंद पडलं होतं. फोनमध्ये एकोणीस सेकंदं होती. डोळे मिटलेले उस्ताद, वाऱ्याचा आवाज, मग श्वास घेतात, तोंड उघडतात. संपलं.

बायकोला घरी येताना लबान, इथलं ताक, आणायला सांगायचं होतं.

उस्तादांनी माझ्याकडे पाहिलं, भुवयांनी विचारलं. मी अंगठा वर केला. एवढंच केलं मी. आजही मला तो अंगठा तोडून टाकावासा वाटतो. तेव्हा वाटलं, आत्ता सांगितलं तर हा माणूस इथेच मोडेल. उद्या सांगू, उद्या पुन्हा गाऊन घेऊ. दुसऱ्या दिवशी खोलीवर गेलो तर त्यांच्या घशातून वाऱ्याशिवाय काही निघत नव्हतं. सोमवारी मी त्यांना विमानतळावर सोडलं. त्यांनी माझा हात दोन्ही हातांत धरला, बराच वेळ. मी नजर चुकवली.

मुंबईत त्यांचं स्वरयंत्र काढलं. गळ्याला भोक राहिलं आणि श्वास तिथून चालू झाला. ते गावी गेले. मग व्हॉट्सअॅपवर त्यांचे मेसेज यायला लागले, एका बोटानं टाइप केलेले. फिल्म कुठवर आली? मी म्हणायचो, एडिटिंग चालू आहे. आठ दिवसांनी पुन्हा. मी म्हणायचो, इन्शाल्ला. असे दोन महिने मी त्या माणसाला टोलवला. इकडे मंडळींना खरं सांगितल्यावर कुणी मला शिवी दिली नाही, तेवढी दिली असती तर बरं झालं असतं. गोड गळ्याचा तो बंगाली ऑपरेटर मात्र म्हणाला की चाल त्याला शिळेमुळे पाठ आहे, आणि त्या दिवशी त्यानं ऐकलंय. तो गाईल.

आम्ही पुन्हा खाबुऱ्याला गेलो. चिलखत त्यानं घातलं, पाठमोरा उभा राहिला आणि गायला. चांगलं गायला. फिल्ममध्ये आधी ती एकोणीस सेकंदं लावली, मग पाठ. बघणाऱ्याला सांधा कळणार नाही, इतपत जमलं. पण पाठवायला हात होईना. फिल्म नुसती पडून राहिली.

शेवटी मी काकींना, म्हणजे उस्तादांच्या बायकोला फोन केला. ते घरात नसतील अशा वेळी. सगळं सांगितलं. कॉल, लबान, अंगठा, बंगाली. बोलताना माझा बांध फुटला. काकींनी मला रडू दिलं.

मग त्या म्हणाल्या, "त्या माणसाचा आवाज बरा आहे का?"

"बरा आहे, काकी."

"मग पाठवा. मी यांचा आवाज कधी ऐकलाय? मला काय कळणार आहे?"

मी म्हटलं, "पण त्यांना कळेल."

"ते माझं मी बघते," त्या म्हणाल्या, आणि अजून एक सांगितलं: मी काकींना हे सगळं सांगितलंय, हे उस्तादांना कधीच कळू द्यायचं नाही.

मी फिल्म पाठवली. त्यांच्या पडवीत चादर लावून गावातली पाच-पन्नास माणसं बसवून ती दाखवली गेली. दुसऱ्या दिवशी काकींचा फोन आला. लोक टोकनच्या रांगेला खूप हसले, चेरीच्या बहराला गप्प झाले. शेवटचं गाणं सुरू झालं तसे उस्ताद ताठ बसले. पहिली ओळ संपायच्या आत त्यांनी चादरीवरून नजर काढली आणि काकींकडे पाहायला लागले. सगळं गाणं होईपर्यंत तिकडेच. काकी म्हणाल्या, मी पदर तोंडाला लावून रडले, आणि मला मुद्दाम काही करावं लागलं नाही. गाणं संपल्यावर त्यांनी नवऱ्याला विचारलं, हे तुम्ही? उस्तादांनी छातीवर हात ठेवला आणि मान हलवली, हो. काकींनी त्यांच्या पायाला हात लावला. गावातली एक म्हातारी म्हणाली, अगो, तेव्हा आमी खोटा सांगी नव्हतंव.

एवढं सांगून काकींनी फोन ठेवला. उस्ताद त्यानंतर पाच महिने होते.

पण काकींचा फोन आला त्याच दुपारी मी डॉकवर ट्रक भरून घेत असताना त्यांचा मेसेज आला होता. मी घाबरत उघडला. आता बोलणी बसणार, माझं पाप निघणार, असं धरूनच चाललो होतो. मेसेज दोन ओळींचा होता.

"गाणा बरा झाला. कोण गायलो ता तिका सांगू नको."

मी लिहिलं, नाही सांगणार.